लग्नाच्या वहीत नसलेला खर्च

श्रीमंत माणूस उदयपूरला किंवा गोव्याला जाऊन लग्न करतो, तेव्हा पाहुण्यांनी प्रवास करणं ही त्याची हौस असते. सुरतेच्या कोसाडमध्ये राहणाऱ्या खानदेशी कुटुंबाला ही निवड नसते. लग्न कोसाडला लावलं तर शिंदखेडा, शिरपूर, साक्री, अमळनेरचे सोयरे निघणार. गावी लावलं तर कोसाडचे शेजारी, कारखान्यातले सोबती आणि सुरतेतल्याच लिंबायत-डिंडोलीचे भाऊबंद निघणार. कुणीतरी दीडशे-अडीचशे किलोमीटर हलल्याशिवाय इथे कुणाच्याच डोक्यावर अक्षता पडत नाहीत. त्यामुळे कमी खर्चात लग्न कसं करावं, या प्रश्नाला अशा घरांत निराळं उत्तर द्यावं लागतं आणि ते आपण अजून दिलेलं नाही, असं माझं ठाम मत आहे.

आपण लग्नाचा खर्च मोजतो तो यजमानाच्या वहीतून. मंडप, केटररचा एका डिशचा भाव, बस्ता, दागिना, भटजी, वाजंत्री, गाडी. यातलं काही कमी झालं की लग्न स्वस्तात उरकलं म्हणून आपण समाधान मानतो. पाहुण्याने काय भरलं, ते या वहीत कुठेच येत नाही. ज्याला प्रवास करून यावं लागतं, त्याने भाडं भरलेलं असतं, मजुरी बुडवलेली असते, आहेराचं पाकीट वेगळं केलेलं असतं, आणि बरेचदा घरातल्या बायामाणसांसाठी नवं लुगडं-कपडाही घेतलेला असतो. यजमानाने वाचवलेला रुपया पुष्कळदा पाहुण्याच्या खिशातून गेलेला असतो.

आकडे समोर ठेवून बघू. हे आकडे उदाहरणाचे आहेत, प्रत्येकाने आपापले घालून पाहावेत. समजा, कोसाडमधल्या लग्नाला खानदेशातून 250 माणसं आली. जाण्यायेण्याचा आणि वाटेतल्या चहापाण्याचा खर्च माणशी 400 रुपये धरला, तर तो झाला 1 लाख. त्यांतली 150 माणसं कमावती आहेत आणि प्रत्येकाचे दोन दिवस 500 रुपयांप्रमाणे बुडाले असं धरलं, तर आणखी दीड लाख. म्हणजे अडीच लाख रुपये खर्ची पडले, तेही मुख्यतः हातावर पोट असलेल्यांचे, आणि यजमान म्हणतो, ‘आपलं लग्न दोन लाखांत झालं.’ आता उलट करून पाहा. कोसाडहून फक्त 40 माणसं गावाकडे गेली, तर त्याच दराने, सगळी कमावती धरूनही, 56 हजार होतात. कोसाडच्या शेजाऱ्यांसाठी नंतर दीडशे रुपये डिशने 150 माणसांचं साधं जेवण ठेवलं, तर साडेबावीस हजार. हे दुसरं जेवण धरूनही सगळ्यांचा मिळून बोजा एक तृतीयांशाहून खाली येतो. दोन-दोन कार्यक्रम म्हणजे उधळपट्टी, हा आपला ठोकताळा इथे खोटा पडतो. एका जेवणावळीचे पैसे वाचवण्यासाठी अडीचशे माणसं हलवणं, ही खरी उधळपट्टी आहे.

कोसाडची वस्ती लक्षात घेतली तर हा बोजा कुणावर पडतो ते कळेल. तापीच्या उत्तरेला, अमरोलीला लागून हे मूळ गाव. आता महापालिकेच्या हद्दीत. इथे महापालिकेने शहरी गरिबांसाठी घरकुलांच्या रांगाच्या रांगा उभ्या केल्या आणि शहरात ठिकठिकाणच्या झोपडपट्ट्यांतून हलवलेली कुटुंबं इथे आली. त्यांत ओडिशाची माणसं आहेत, उत्तर प्रदेशची आहेत, आणि धुळे-नंदुरबार-जळगावकडची मराठी कुटुंबंही आहेत. अहिराणी बोलणारी ही माणसं पिढ्यान्‌पिढ्या मागावर, डाइंग-प्रिंटिंग मिलमध्ये, साड्यांच्या दुकानांत राबत आली. मागावरच्या कारागिराला पगार मीटरवर मिळतो. बारा तासांची पाळी चुकली की त्या दिवसाचं उत्पन्न शून्य. भरपगारी रजा घेऊन लग्नाला जाणारा नोकरदार डोळ्यांसमोर ठेवून केलेला हिशेब या माणसाला लागू पडत नाही. गावाकडच्या सोयऱ्याचीही तीच गत आहे. कापूस वेचणीच्या दिवसांत दोन दिवस घर सोडणं म्हणजे वेचणी दुसऱ्याच्या हाती देणं.

त्यात कोसाडला पोचणं हा निराळा व्याप आहे. ताप्ती लाइनने, म्हणजे जळगाव, अमळनेर, दोंडाईचा, नंदुरबार, नवापूर, व्यारा, बारडोली या वाटेने येणारा माणूस उधना किंवा सुरत स्टेशनवर उतरतो. उधना शहराच्या दक्षिणेला आणि कोसाड तापीच्या पलीकडे, उत्तरेला. कोसाडला रेल्वे स्टेशन आहे, पण ते वडोदऱ्याकडे जाणाऱ्या मार्गावर. खानदेशच्या गाडीतून आलेल्याला त्याचा थेट उपयोग नाही. सोबत म्हातारी आई, कडेवर मूल, हातात बोचकं, अशा माणसाला अख्खं शहर ओलांडून यायचं असतं. बस आहे, पण रात्री उशिरा उतरलेल्याला रिक्षाच करावी लागते, आणि अनोळखी शहरात रिक्षावाला सांगेल तो भाव. धुळ्याच्या माणसाचं तर आणखी अवघड. त्याच्या शहरातून सुरतेला जाणारी रेल्वेच नाही. त्याने नरडाणा गाठावं किंवा साक्री, कोंडाईबारीचा घाट, नवापूर, सोनगड असं रस्त्याने यावं.

लग्नाचं ठिकाण ठरवताना आपल्याकडे मानाचा विचार होतो. मुलीच्या दारी की मुलाच्या, गावी की सुरतेला, यावर बैठकीत आवाज चढतात. माझं म्हणणं, हा प्रश्न यादी समोर ठेवून सोडवावा. दोन्हीकडची पाहुण्यांची यादी घ्यावी आणि प्रत्येक नावापुढे तो माणूस कुठून येणार ते लिहावं. जिथे जास्त माणसं आधीच आहेत, तिथे लग्न. मुलगी कोसाडची आणि मुलगा शिरपूर तालुक्यातला असेल, आणि मुलीकडचे बहुतेक सोयरेही खानदेशातच असतील, तर कोसाडला मांडव घालण्याचा हट्ट धरण्यात अर्थ नाही. पण वधूपित्याने चाळीस वर्षं सुरतेत काढली, त्याचे भाऊ, मेहुणे, साडू सगळे लिंबायत-उधन्यात आले, गावात फक्त कुलूप लावलेलं घर उरलं, तर गावाच्या ओढीपायी सगळ्यांना गावी ओढणंही बरोबर नाही. भावना मोठी आहे, मला ती कळते. पण तिचं भाडं दुसऱ्याने का भरावं?

ठिकाणाचा परिणाम किती बारीक असतो याचं एक उदाहरण देतो. महाराष्ट्रात ऑगस्ट 2022 पासून पंचाहत्तरी पार केलेल्यांना एसटीचा प्रवास मोफत आहे आणि मार्च 2023 पासून सर्व महिलांना अर्धं तिकीट आहे. ही सवलत राज्याच्या हद्दीपुरती. म्हणजे लग्न शिंदखेड्याला असेल, तर साक्रीची आजी फुकट आणि तिची सून अर्ध्या तिकिटात येते. लग्न कोसाडला असेल, तर नवापूरच्या पुढे दोघींना पूर्ण भाडं. आपल्या घरच्या म्हाताऱ्यांना आणि बायकांना लग्नाला येता यावं असं मनापासून वाटत असेल, तर अशा गोष्टी पत्रिका छापण्याआधी बघायला हव्यात.

तारखेचंही तसंच. पंचांगात मुहूर्त असतात, पण माणसांच्या सुट्ट्याही असतात. दिवाळीला सुरतेचे कारखाने बंद होतात आणि खानदेशी कारागीर सहकुटुंब गावी जातो. लाभपंचमीपासून बाजार हळूहळू उघडतो, पण सगळे माग एकदम सुरू होत नाहीत; पुष्कळ कारागीर काही दिवस गावीच असतात. तुलसीविवाह होतात आणि लग्नाचे मुहूर्त निघू लागतात. गावाकडे लग्न करायचं असेल, तर हे पहिले मुहूर्त सोन्यासारखे आहेत, कारण सुरतेची माणसं तिथे आधीच आलेली असतात. त्यांना वेगळा प्रवास पडत नाही. अर्थात कामावर परतण्याची घाई असलेला एखादा मागे राहणार नाही, आणि कापसाच्या वेचणीचा काळ असल्याने शेतकऱ्याला एका दिवसात मोकळं करावं लागेल. तरी मे महिन्यापेक्षा हे किती तरी बरं. मे महिन्यात उधन्याहून सुटणाऱ्या गाड्यांत पाय ठेवायला जागा नसते आणि जळगावचा पारा पंचेचाळिशीला टेकतो. त्या उन्हात टिनाच्या मांडवात म्हातारी माणसं बसवून आपण कुणाचा सन्मान करतो?

आता वेळेबद्दल. इथे मला सगळ्यात जास्त राग येतो. पत्रिकेवर दुपारी 12 वाजून काही मिनिटांचा मुहूर्त छापलेला असतो. पाहुणा त्या भरवशावर परतीची गाडी ठरवतो. मग डीजे लागतो, वरात मारुतीच्या देवळापासून मांडवापर्यंतचं अर्धा किलोमीटर अंतर दोन-तीन तासांत कापते, नवरदेवाचे मित्र नाचून थकेपर्यंत लग्न लागत नाही. जेवण अक्षता पडल्यावरच, अशी पद्धत असेल तर लांबून आलेली माणसं तीन-साडेतीनपर्यंत उपाशी. परतीची गाडी चुकते. गाडी चुकली की रात्रीचा मुक्काम, दुसऱ्या दिवसाची पाळी बुडाली, तिकिटाचे पैसे गेले. काही मित्रांना नाचायला मिळालेल्या दोन तासांची किंमत शंभर माणसांनी एकेका दिवसाच्या मजुरीने चुकवली. पाहुण्यांच्या प्रवासाचं ज्याला खरोखर वाटतं, त्याने पहिली गोष्ट ही करावी: मुहूर्त गाडीच्या वेळेवरून काढावा आणि पाळावा. सकाळी येणारी गाडी किती वाजता, संध्याकाळी परतणारी किती वाजता, हे आधी बघायचं आणि मधल्या वेळात अक्षता पडायच्या. पंगत अक्षतांच्या आधी सुरू करायला कुठलंही शास्त्र आड येत नाही; अनेक गावांत ती सुरू झालीही आहे. डीजे रद्द केला तर पैसे वाचतात हे सगळेच सांगतात. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे लोकांचा दिवस वाचतो.

प्रवासाच्या साधनात मात्र काटकसर करू नये. वऱ्हाड नेण्यासाठी स्वस्तात मिळतो म्हणून मालवाहू टेम्पो किंवा पिकअप ठरवतात आणि मागच्या हौद्यात चाळीस-चाळीस माणसं उभी करतात. हे बेकायदा आहे, आणि कोंडाईबारीसारख्या घाटात जिवावरचं आहे. ऑक्टोबर 2020 मध्ये याच घाटात मलकापूरहून सुरतेला येणारी खासगी बस पुलावरून कोसळून माणसं दगावली होती, आणि ती तर प्रवासी बस होती. एसटी प्रासंगिक करारावर बस देते, तिची चौकशी डेपोत आधी करावी. रेल्वेने यायचं तर 1 नोव्हेंबर 2024 पासून आरक्षण साठ दिवस आधीच खुलं होतं, म्हणून तारीख त्याआधी पक्की हवी. वऱ्हाडाचं एकत्र आरक्षण केलं असेल आणि कुणी ऐन वेळी येऊ शकत नसेल, तर गाडी सुटण्याच्या 48 तास आधी वऱ्हाडाच्या प्रमुखाने लेखी अर्ज दिल्यास ती जागा दुसऱ्या माणसाच्या नावावर करून मिळते. ही सोय फार थोड्यांना माहीत असते. आणि वऱ्हाडाच्या गाडीचं भाडं मुलीच्या बापाकडून मागून घेण्याची जी रीत बैठकीत चालते, ती हुंड्याचंच एक रूप आहे, असं मी मानतो. ज्याचं वऱ्हाड, त्याचं भाडं.

या सगळ्यावर एक आक्षेप येतो आणि तो हलका नाही. पंगत हे ऋण असतं, असं गावाकडची माणसं म्हणतात. वधूपिता विचारतो, ‘मी चाळीस वर्षं त्यांच्या लेकीबाळींच्या लग्नात जेवलो, आता माझ्या लेकीच्या वेळी त्यांना बोलावलं नाही तर मी कुठल्या तोंडाने गावात जाऊ? सुरतेला जाऊन पैसेवाला झाला आणि माणसं विसरला, असंच म्हणतील.’ परगावी राहणाऱ्याला ही भीती जास्त असते, कारण त्याचं गावातलं स्थान अशा प्रसंगांवरच टिकून असतं. म्हणून हे ऋण नाकारावं असं मी म्हणणार नाही. पण ते फेडण्याची एकच तऱ्हा आहे, हे मला मान्य नाही. गावात जाऊन, दारोदार फिरून, नव्या जोडप्याला मोठ्यांच्या पाया पडायला लावून, वरण-बट्टी आणि वांग्याच्या भाजीची एक पंगत मारुतीच्या पारावर घातली, तर ते ऋण अधिक चांगलं फिटतं. तिथे आपण त्यांच्या दारी जातो, त्यांना आपल्या दारी ओढत नाही.

कोविडच्या काळात आपण लहान लग्नं केली आहेत. 2020 मध्ये लग्नाला पन्नास माणसांची मर्यादा आली. एप्रिल 2021 मध्ये महाराष्ट्राने ती पंचवीसवर आणली आणि लग्नसोहळा दोन तासांत आटोपायचा नियम घातला. गावोगाव, शहरोशहर अशी लग्नं लागली. त्या जोडप्यांचे संसार कमअस्सल ठरले नाहीत, आणि कुणाला बोलावलं नाही म्हणून सोयरीक तुटल्याचंही फारसं ऐकू आलं नाही. तेव्हा सरकारी आदेशाचं कारण पुढे करता येत होतं. आता ते नाही, तर कारण आपल्यालाच द्यावं लागेल, आणि ते खरं कारण आहे: ‘तुम्हाला त्रास नको म्हणून लग्न लहान ठेवलं, आम्ही तुमच्याकडे येतो.’

लहान लग्नाचा आग्रह आपल्या परंपरेला नवा नाही. जोतीराव फुले यांच्या सत्यशोधक समाजाने 25 डिसेंबर 1873 रोजी पुरोहिताशिवाय, साध्या रीतीने पहिलं लग्न लावलं. गाडगेबाबा आयुष्यभर गावोगावच्या कीर्तनांतून सांगत राहिले की लग्नासाठी कर्ज काढू नका. 2025 मध्ये पुण्यातील एका विवाहितेच्या मृत्यूनंतर मराठा समाजाच्या बैठकांतून लग्नाची आचारसंहिता पुढे आली; पाहुण्यांची संख्या, डीजे, प्री-वेडिंग, हुंडा यांवर तिने बोट ठेवलं. हे सगळं मोलाचं आहे. तरी या साऱ्या सुधारणांचा भर वधूपित्याच्या कर्जावर आहे. पाहुण्याच्या बुडालेल्या मजुरीवर अजून कुणी आचारसंहिता केलेली नाही. ज्या समाजाची इतकी माणसं कामासाठी दुसऱ्या राज्यात राहतात, त्याने ती करायला हवी.

करायला काय हवं, तर नवं काही शोधण्याची गरज नाही. आपल्याकडे साखरपुड्यातच लग्न लावण्याची रीत आहे. दोन्हीकडची जवळची माणसं साखरपुड्याला जमलेली असतात, वडीलधारे एकमेकांकडे बघतात आणि संध्याकाळी अक्षता पडतात. वृत्तपत्रांत अशा बातम्या कौतुकाने छापून येतात. प्रवास करणाऱ्या सोयऱ्यांसाठी याहून चांगली तजवीज नाही: टिळा, साखरपुडा, हळद, लग्न, सत्यनारायण, अशा पाच फेऱ्यांऐवजी एक. मात्र यासाठी दोन गोष्टी आधी नक्की हव्यात. मुलगी अठरा आणि मुलगा एकवीस पूर्ण असल्याचे कागद बघितलेले असावेत, आणि मुलीचा होकार घरात एकांतात घेतलेला असावा. चार लोकांसमोर विचारलेल्या प्रश्नाला तिला नाही म्हणता येत नाही. घाईच्या लग्नात या दोन गोष्टी सुटल्या, तर वाचलेला पैसा शाप ठरतो. लग्नाची नोंदणीही लगेच करावी. ज्यांना नोंदणी विवाहच करायचा असेल, त्यांनी विशेष विवाह कायद्याखाली तीस दिवसांची नोटीस आणि तीन साक्षीदार लागतात हे ध्यानात ठेवून तारीख आखावी.

दुसरी रीत म्हणजे एका मांडवात दोन लग्नं. भावाभावांची मुलं लग्नाला आलेली असतील, तर सोयरे तेच असतात. वर्षात दोनदा त्यांना सुरतेला का आणायचं? सामुदायिक विवाहाचा विचारही करावा. सुरतेत सौराष्ट्रातले पाटीदार अनेक वर्षं मोठे समूहलग्नाचे सोहळे करतात आणि चांगल्या खात्यापित्या घरची मुलंही त्यांत उभी राहतात, म्हणून त्याला गरिबीचा शिक्का लागत नाही. खानदेशी समाजाची मंडळं सुरतेत आहेत, माणूसबळ आहे. त्यांनी दिवाळीनंतरचा एक दिवस ठरवून गावाकडेच असा सोहळा घेतला, तर शंभर कुटुंबांचे प्रवास वाचतील.

आणि आहेर. लांबून येणाऱ्याकडून आहेर घेऊ नये. पत्रिकेत ‘आहेर आणू नये’ छापून भागत नाही. मांडवात वही आणि पेन घेऊन बसणारा माणूसच नसावा. ज्याने दीड दिवस आणि भाडं घालवलं, त्याने आपला आहेर येण्यातच दिलेला आहे. उलट, ज्याला परवडत नाही अशा विधवा आत्याला, म्हाताऱ्या मामाला तिकीट काढून पाठवावं. एका बँजोपार्टीच्या पैशांत अशी कितीतरी तिकिटं निघतात.

या हंगामात ज्यांच्या घरी लग्न आहे, त्यांना एवढीच विनंती. पत्रिका छापायला टाकण्याआधी एका संध्याकाळी घरातल्या सगळ्यांनी, विशेषतः ज्यांचं लग्न आहे त्या दोघांनी, यादी घेऊन बसावं. प्रत्येक नावापुढे चार गोष्टी लिहाव्यात: कुठून येणार, किती भाडं लागेल, किती दिवस बुडतील, परत कधीच्या गाडीने जाणार. खाली बेरीज करावी. ती बेरीज बघूनच गाव, तारीख आणि मुहूर्त ठरवावा.